मधला खांब सुटा आहे, हे खरं का?

प्रश्न : धाकटा मुलगा तीन वर्षांपासून नोकरीनिमित्त टोकियोत असतो. मागच्या महिन्यात तो तिथल्या ‘स्कायट्री’ मनोऱ्यावर जाऊन आला. फोटो पाठवले आणि फोनवर म्हणाला, “बाबा, ह्याचा मधला खांब बाकीच्या मनोऱ्याला बांधलेलाच नाही, सुटा आहे. म्हणून तर भूकंपात ह्याला काही होत नाही.” आम्ही किल्लारीजवळच्या गावचे. १९९३ला आमच्या घरात जे जे सुटं होतं, ते ते आधी पडलं. म्हणून विचारतो, सुट्या खांबामुळे मनोरा टिकतो हे खरं आहे का? आणखी दोन शंका. काही फोटोंत मनोरा सरळ दिसतो, काहींत एका अंगाला कलल्यासारखा, असं का? आणि उंची ६३४ मीटर अशी अडनिडी का ठेवली असेल?
— एक वाचक, औसा (जि. लातूर)

उत्तर : तुमच्या मुलानं सांगितलं ते खरं आहे. फक्त ‘सुटा’ म्हणजे किती सुटा आणि कसा सुटा, हे नीट पाहायला हवं, कारण तुमच्या प्रश्नाचा सगळा जीव त्या एका शब्दात आहे.

स्कायट्री बाहेरून दिसतो तो पोलादी नळ्यांच्या जाळीचा. बुडाजवळच्या सर्वांत जाड नळ्यांचा व्यास २.३ मीटर आहे. म्हणजे आडव्या टाकल्या तर आपला उंच माणूस आत ताठ उभा राहील. त्यांच्या पोलादाची जाडी १० सेंटिमीटर, आपल्या हाताच्या पंजाच्या रुंदीएवढी. या जाळीच्या पोटात, बरोबर मधोमध, काँक्रीटचं एक उभं नळकांडं आहे. व्यास सुमारे ८ मीटर, उंची ३७५ मीटर. त्याच्या आतून संकटकाळचा जिना जातो. हाच तुमच्या मुलानं सांगितलेला मधला खांब.

जमिनीपासून १२५ मीटरपर्यंत हा खांब भोवतालच्या पोलादी सांगाड्याशी घट्ट जोडलेला आहे. त्याच्या वरचे २५० मीटर मात्र तो सांगाड्याला जखडलेला नाही. दोघांच्या मध्ये मोकळी जागा आहे आणि त्या जागेत तेल भरलेले दट्टे बसवले आहेत. गॅरेजवाला मोटारसायकलच्या ज्या भागाला ‘शॉकअप’ म्हणतो, त्याच जातीचे. फक्त कितीतरी मोठे. खांब आणि सांगाडा एकमेकांपासून दूर जायला लागले किंवा जवळ यायला लागले, की दट्ट्यातलं तेल बारीक भोकांतून जोरानं ढकललं जातं. ढकलताना हलण्यातली शक्ती खर्ची पडते, तेल गरम होतं आणि झोका मरतो.

हे डोळ्यांसमोर आणायचं तर नागपंचमीचे झोके आठवा. एकाच फांदीला दोन झोके बांधलेत, एकाचा दोर लांब, दुसऱ्याचा आखूड. फांदी गदागदा हलवली तर दोन्ही झोके हलतील, पण प्रत्येक आपल्या लयीत. थोड्याच वेळात एक पुढे जात असेल तेव्हा दुसरा मागे येत असेल. आता दोन्ही झोक्यांवरच्या पोरींनी ओल्या पंच्याची दोन टोकं धरली, तर दर हिसक्याला पंचा ताणला जाईल आणि दोघींचे झोके लवकर मंदावतील. स्कायट्रीत पोलादी जाळी हा एक झोका, काँक्रीटचा खांब हा दुसरा, आणि तेलाचे दट्टे म्हणजे तो पंचा. दोघांची झुलण्याची लय मुद्दाम वेगळी ठेवली आहे. लय एक असती तर दोघं एकाच वेळी एकाच दिशेला गेले असते आणि दट्ट्यांना काही कामच उरलं नसतं. मनोरा बांधणाऱ्यांच्या हिशेबानं या योजनेमुळे भूकंपातलं हलणं जास्तीत जास्त निम्म्यानं कमी होतं आणि सोसाट्याच्या वाऱ्यातलं सुमारे ३० टक्क्यांपर्यंत. शिवाय अगदी टोकाला, अँटेनाच्या भागात, झोका मारायला वेगळी वजनं बसवली आहेत ती निराळीच.

आता तुमच्या घराकडे येतो, कारण ‘जे सुटं होतं ते आधी पडलं’ हे वाक्य तुम्ही अंगावर सोसून लिहिलं आहे आणि ते बरोबरच आहे. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे, गणपती विसर्जन करून गाव झोपलेलं असताना जो धक्का बसला, त्यात जवळजवळ दहा हजार माणसं गेली. त्या भागातल्या घरांच्या भिंती दोन-तीन फूट, कुठे त्याहूनही जाड. पण ती जाडी एकजीव नव्हती. बाहेरच्या अंगाला एक दगडी थर, आतल्या अंगाला दुसरा, आणि मधे मातीत घातलेली दगडांची भर. दोन्ही थरांना धरून ठेवणारा आरपार लांब दगड बहुतेक भिंतींत नव्हता. धक्क्यासरशी मधली भर खाली बसली, दोन्ही थर फुगून बाहेर कोसळले, आणि डोक्यावर होतं मातीच्या माळवदाचं ओझं. त्याच गावांत एक गोष्ट पाहणी करणाऱ्या अभियंत्यांनी टिपून ठेवली आहे. भिंती पडल्यावरही अनेक घरांतले सागवानी खण, म्हणजे खांब-तुळयांचे चौकटीचे सांगाडे, उभे राहिले होते. लाकूड लाकडात खाचेनं बसलेलं होतं. ते कुरकुरलं, झुकलं, पण सांध्यांनी एकमेकांना सोडलं नाही. कदाचित तुम्हीही तो देखावा पाहिला असेल.

तेव्हा सुटेपणा दोन तऱ्हांचा असतो. तुमच्या भिंतीतले दगड सुटे होते, कारण त्यांना धरणारं कुणी नव्हतं. स्कायट्रीचा खांब बुडाशी पक्का धरलेला आहे, वर तेलाच्या दट्ट्यांनी आवरलेला आहे, आणि या दोन्हींच्या मर्यादेत त्याला हलायची मुभा आहे. किती हलेल आणि किती जोरानं, याचं गणित बांधण्याआधी मांडलेलं आहे. मुलानं ‘सुटा’ म्हटल्यावर तुमच्या पोटात गोळा आला असेल तर त्याचं मला मुळीच नवल वाटत नाही. पण हा सुटेपणा तो नव्हे.

या खांबाला जपानीत ‘शिनबाशिरा’ म्हणतात. ‘शिन’ म्हणजे गाभा किंवा काळीज, ‘हाशिरा’ म्हणजे खांब. नाव जुनं आहे आणि ते आलं आहे पाच मजली लाकडी पॅगोड्यांवरून. जपानमधल्या नारा शहराजवळच्या होर्युजी मंदिरातला पॅगोडा हा जगातल्या सर्वांत जुन्या लाकडी इमारतींपैकी एक. त्याच्या गाभ्यातल्या खांबाचं झाड इ.स. ५९४ मध्ये तोडलेलं होतं, असं लाकडातल्या वर्षवलयांवरून निघालं आहे. अशा पॅगोड्यात मधला खांब मजल्यांचा भार पेलत नाही. मजले एकावर एक टोपल्या ठेवल्यासारखे, खाचा-खुंट्यांनी बसवलेले, आणि खांब त्यांच्या पोटातून मोकळा वर जातो. निक्को इथल्या तोशोगू देवस्थानाच्या पॅगोड्यात तर तो खांब चौथ्या मजल्यावरून साखळ्यांनी टांगलेला आहे. त्याचं बूड जमिनीला टेकतच नाही. खाली हात जाईल एवढी फट राहते. भूकंपांच्या या देशात पॅगोडे जळाले पुष्कळ, विजा पडून, लढायांत, आगीत. पण भूकंपानं कोसळल्याच्या नोंदी फार थोड्या आहेत.

इथं मला एक प्रचलित समज दुरुस्त करावासा वाटतो. ‘हजार वर्षांपूर्वीची युक्ती उचलून मनोरा उभारला’ असं पर्यटकांना हौसेनं सांगितलं जातं. गोष्ट ऐकायला गोड आहे, पण घडलं थोडं वेगळं. पॅगोड्यातला खांब भूकंपात नेमकं काय काम करतो, यावर जाणकारांचं आजही एकमत नाही. ज्याचं गणितच अजून पुरतं उलगडलेलं नाही, त्याच्या भरवशावर कुणी सहाशे मीटर उंच जाणार नाही. स्कायट्रीचा आराखडा करणाऱ्या निक्केन सेक्केई या संस्थेच्या अभियंत्यांनी आपली योजना आजच्या कंपनशास्त्रातून बसवली, आणि ती पॅगोड्याच्या खांबाशी मिळतीजुळती दिसली म्हणून तिला जुनं मानाचं नाव दिलं. मला हा खरा क्रम त्या गोड गोष्टीपेक्षा अधिक मोलाचा वाटतो. आधी गणित पुरं केलं आणि मग पूर्वजांचं नाव आदरानं घेतलं.

या नावाची आणखी एक वाट आपल्याकडे येते. पॅगोडा म्हणजे मुळात स्तूपच. ‘गोजू-नो-तो’, म्हणजे पाच मजली पॅगोडा, यातल्या ‘तो’ची चिनी खूण ‘स्तूप’, ‘थूप’ हा शब्द लिहिण्यासाठी घडवली गेली. स्तूपाच्या डोक्यावर जी उभी यष्टी आणि तिच्यावर छत्रं असतात, तीच बौद्ध धर्माबरोबर चीन-कोरियामार्गे जपानला पोचेपर्यंत लांबत लांबत इमारतीचा कणा झाली. पॅगोड्याच्या शेंड्यावर एकावर एक दिसणारी धातूची कडी ही त्या छत्रांचीच वंशज. म्हणूनच खांबाच्या बुडाशी अस्थिअवशेष ठेवायची रीत होती. लोणावळ्याजवळ कार्ल्याच्या चैत्यगृहात गेलात, तर आतल्या स्तूपावर मान वर करून पाहा. दगडी स्तूपावर लाकडी छत्र अजून टिकून आहे, आणि त्याला धरणारा दांडाही. शिनबाशिराचा तो दूरचा पूर्वज.

तुमची दुसरी शंका, मनोरा कललेला का दिसतो. तो कललेला नाही. तो खाली त्रिकोणी आणि वर गोल आहे. जमिनीवर तीन पाय, दोन पायांमधलं अंतर सुमारे ६८ मीटर. वर चढत गेलं की त्रिकोणाचे कोपरे हळूहळू विरत जातात आणि साधारण ३०० मीटरवर तो पूर्ण गोल होतो. त्यामुळे ज्या कोनातून पाहाल तशी त्याची कड बदलते. एका बाजूनं पाहिलं तर दोन्ही कडा सारख्या दिसतात. थोडं फिरलात की एक कड तलवारीच्या पात्यासारखी आत वळलेली दिसते आणि दुसरी मंदिराच्या खांबासारखी किंचित फुगीर. जपानी कारागिरांकडे या दोन्ही वळणांना शब्द आहेत, आत वळणारी ती ‘सोरी’, बाहेर फुगणारी ती ‘मुकुरी’. दोन वेगळ्या कडा एकाच वेळी समोर आल्या, की डोळा त्याचा अर्थ ‘कलला’ असा लावतो. शिल्पकार किइची सुमिकावा या रूपाच्या देखरेखीसाठी होते. माझ्या मते मनोऱ्याचं सगळं देखणेपण या एका निर्णयात आहे. बाकी उंच मनोरे चारी बाजूंनी सारखेच दिसतात. हा मात्र गल्ली बदलली की वेगळा दिसतो.

त्रिकोण निवडण्यामागे साधी अडचणही होती. जागा लांबट आणि अरुंद, एका रेल्वे कंपनीचं मालगाड्यांचं जुनं यार्ड. चार पायांपेक्षा तीन पाय तेवढ्याच जागेत जास्त फाकवून ठेवता येतात. वर गोल करण्याचं कारण वारा आणि अँटेना. वारा कुठूनही आला तरी गोलावर सारखाच बसतो, आणि चहूकडे प्रक्षेपण करायलाही गोल सोयीचा. प्रमाण मात्र धाडसी आहे. ६८ मीटरच्या बुडावर ६३४ मीटर उंची, म्हणजे एक फुटाच्या पाटावर सव्वानऊ फुटांची काठी उभी करण्यासारखं. वर वारा किती असेल हे अंदाजानं न ठरवता हवेत फुगे सोडून मोजलं गेलं.

आणि खाली जमीन कशी? सुमिदा नदीकाठची, गाळाची, मऊ. म्हणून पाया सुमारे ५० मीटर खोल नेला आहे. एवढ्या उंच मनोऱ्यावर वारा बसला की एका बाजूचा पाय दाबला जातो आणि दुसऱ्या बाजूचा उपटला जायला बघतो. पायाला नुसतं वजन पेलून भागत नाही, ओढही सोसावी लागते. त्यासाठी जमिनीत खोल काँक्रीटच्या भिंती उतरवल्या आणि त्यांना जागोजाग गाठी ठेवल्या. जुनी बाभूळ उपटायला गेलेल्या कुणालाही या गाठींचं काम वेगळं समजवावं लागणार नाही.

आकड्याचं उत्तर सोपं आहे. जपानीत सहा म्हणजे ‘मु’, तीन म्हणजे ‘सा’, चार म्हणजे ‘शि’. जोडून वाचलं की ‘मुसाशी’, टोकियो आणि आसपासच्या मुलखाचं जुनं नाव. आधी उंची ६१० मीटरच्या आसपास ठरत होती, ती २००९ साली ६३४ केली. तिथल्या माणसाला तो आकडा पाठ करावा लागत नाही. रंगाचंही असंच. पांढरा दिसतो तो निव्वळ पांढरा नाही; नीळ रंगवणारे कापड पहिल्यांदा हलकेच बुडवून काढतात, तेव्हा जी जेमतेम निळसर छटा येते, तिच्यावरून तो घेतला आहे.

हे सगळं कशासाठी केलं, तर मुळात दूरदर्शन प्रक्षेपणासाठी. १९५८चा टोकियो टॉवर ३३३ मीटरचा. त्याच्याभोवती उंच इमारतींचं रान माजलं आणि लहरी अडू लागल्या. वरून शहर दाखवणं ही त्या कामाबरोबर आलेली दुसरी बाजू. ३५० आणि ४५० मीटरवर दोन सज्जे आहेत. ३४० मीटरवर जमिनीत काच बसवलेली आहे, तिच्यावर पाऊल टाकायला तुमच्या मुलानं किती वेळ घेतला, हे त्याला विचारा.

आता भूकंप. ११ मार्च २०११, दुपारी २ वाजून ४६ मिनिटं. ईशान्य जपानच्या समुद्रात ९.० तीव्रतेचा भूकंप झाला, तेव्हा मनोऱ्याचं काम शेवटच्या टप्प्यात होतं. टोक ६०० मीटरच्या पुढे गेलेलं, अँटेनाचा भाग आतून वर चढवला जात होता आणि माणसं वर कामावर होती. टोकियो मिनिटांमागून मिनिटं डोलत राहिलं. मनोऱ्याच्या सांगाड्याला इजा झाली नाही. देशावर एवढं संकट कोसळलेलं असताना, बरोबर एका आठवड्यानं, १८ मार्चला, मनोऱ्यानं ६३४ मीटर गाठले. सामानाचा पुरवठा अडल्यामुळे काम पुरं व्हायला २९ फेब्रुवारी २०१२ उजाडला आणि २२ मे रोजी तो लोकांना खुला झाला.

एक शेवटची गोष्ट मुलासाठी. पुढच्या वेळी हिवाळ्यात, आभाळ स्वच्छ असताना, सकाळी वर जायला सांगा. पश्चिमेला फुजी दिसेल, सगळे तोच बघतात. त्यानं नजर खाली आणून नदीपलीकडचं आसाकुसा शोधावं. तिथं १८९० साली बारा मजल्यांचा, विटांचा, अष्टकोनी मनोरा उभारला होता, र्योउन्काकू. शहर पाहायला लोकांची रीघ लागायची, आणि जपानमधली पहिली विजेची लिफ्ट तिथंच होती. १ सप्टेंबर १९२३च्या भूकंपात तो आठव्या मजल्याशी मोडला. उरलेला भाग लष्करानं सुरुंग लावून पाडला. तिथून चालत काही मिनिटांवर सेन्सोजी मंदिराचा लाकडी पॅगोडा होता, सतराव्या शतकातला. तो त्याच भूकंपातून उभा राहिला. मार्च १९४५च्या बॉम्बहल्ल्यात मात्र जळून गेला. आज दिसतो तो १९७३ साली नव्यानं बांधलेला, काँक्रीटचा. त्याच्या वरच्या मजल्यावर श्रीलंकेहून आणलेले बुद्धाचे अस्थिअवशेष ठेवले आहेत. त्याचाही एक फोटो मुलाला पाठवायला सांगा.